सूचना क्रमांक सात

"साहित्य सगळं मांडलंय. आता तू फक्त वाच," एप्रनची गाठ मारत सूचनाराव बायकोला म्हणाले. "एक सूचना वाचायची आणि थांबायचं. मी ती करणार. मग पुढची. मध्ये डोकं चालवायचं नाही."

"कुणाचं? तुमचं की माझं?"

"दोघांचंही."

सूचनाराव हे त्यांचे ऑफिसातले नाव. आधी पाठीमागे घ्यायचे, हल्ली तोंडावरही घेत. मिक्सर बनवणाऱ्या एका कंपनीत ते एकोणीस वर्षे माहितीपुस्तिका लिहीत होते. मिक्सरबरोबर खोक्यात जी येते ती. पुस्तिका हातात असली की माणसाला कुणाला काही विचारावे लागू नये, हा त्यांचा बाणा. ते स्वतः आयुष्यात मिक्सरच्या वाटेला गेले नव्हते, पण त्यावरून त्यांना नावे ठेवू नयेत. लिहायच्या आधी प्रत्येक गोष्ट करून बघायची असे ठरले, तर आम्हा लिहिणाऱ्यांपैकी बहुतेकांना उद्यापासून घरी बसावे लागेल, आणि त्यात पहिला नंबर माझा.

नव्या मिक्सरच्या पुस्तिकेत शेवटचे एक पान कोरे राहत होते. ते भरून द्या, असा छापखान्यातून फोन आला, तेव्हा सूचनाराव डबा खात होते. डावीकडे डबा आणि उजवीकडे कागद ठेवून त्यांनी पंधरा मिनिटांत 'संत्रे-जर्दाळू चीज स्प्रेड' ही पाककृती लिहून टाकली. हा पदार्थ त्यांनी एकदाच, कंपनीच्या परिषदेत, पावाला लावून खाल्ला होता. आवडला म्हणून वाढप्याला विचारले, तर तो जाता जाता म्हणाला, "दूध, लिंबू, जर्दाळू, संत्रं." बाकी सगळे सूचनारावांच्या लेखणीचे.

दहा हजार प्रती छापून झाल्या, खोक्यांत गेल्या. आणि शुक्रवारी मॅनेजरनी त्यांना केबिनमध्ये बोलावले.

"मुख्य ऑफिसच्या नव्या मॅडम सोमवारी येतायत," मॅनेजर म्हणाले. "पुस्तिका बाहेरच्या एजन्सीकडून लिहून घ्याव्यात असं त्यांच्या डोक्यात आहे. पण आधी त्या परीक्षा घेणार. त्यांनी म्हणे शेवटचं पान उघडलं. तिथली पाककृती पुस्तिकेबरहुकूम करून दाखवायची. जमली, तर काम तुमच्याकडे. नाही जमली, तर तुम्ही गोदामात, खोकी मोजायला."

खोकी मोजण्याला सूचनारावांची हरकत नव्हती. पण त्या प्रत्येक खोक्यात दुसऱ्या कुणाची तरी पुस्तिका असणार, हे त्यांना सोसवेना. मजकूर छापून गेलेला, त्यातली वेलांटीही आता हलणार नव्हती. म्हणून रविवारी सकाळी ही रंगीत तालीम. बायको रुग्णालयात परिचारिका होती. लिहिलेले जसेच्या तसे पाळायची तिला सवय होती, म्हणून वाचनाचे काम तिला. सूचनारावांच्या आई खिडकीखालच्या खुर्चीत शब्दकोडे घेऊन बसल्या होत्या. त्यांना कुठलेच काम दिले नव्हते, तरी त्या हलायला तयार नव्हत्या.

"सूचना एक," बायकोने सुरुवात केली. "'एक लिटर दूध उकळून त्यात आवश्यकतेनुसार लिंबाचा रस घालावा.' म्हणजे किती?"

"आवश्यकतेनुसार."

"अहो, आमच्या वॉर्डात एखाद्या डॉक्टरनं 'आवश्यकतेनुसार इंजेक्शन द्या' असं लिहिलं ना, तर आम्ही ते आधी त्यालाच देऊ."

सूचनारावांनी सहा लिंबे पिळली. दूध फाटले. नुसते फाटले नाही, त्याच्या पार चिंधड्या झाल्या. सूचनाराव पातेल्यापासून दोन पावले मागे सरले.

"सूचना दोन. 'दूध फाटेल. घाबरू नये.'"

"मी कुठे घाबरलोय?"

"मग गॅस बंद करा की."

"तसं लिहिलंय?"

लिहिले नव्हते. शेवटी आईंनी खुर्चीतून हात लांब करून गॅस बंद केला आणि पुन्हा कोड्यात डोके घातले. तिसरी सूचना होती, 'पातळ कापडातून गाळून पुरचुंडी उंच जागी टांगावी व पाणी निथळू द्यावे.' हाताला येणारी सर्वांत उंच जागा म्हणजे खिडकीच्या पडद्याचा दांडा. सूचनारावांनी पुरचुंडी तिथे टांगली आणि हात झटकले. बायको हातात एक वाडगा घेऊन बराच वेळ उभी होती. पण खाली वाडगा ठेवावा असे पुस्तिकेत नव्हते आणि डोके चालवायला बंदी होती, म्हणून तिने तो परत मांडणीत ठेवला.

"अरे, वरच्यांचा नळ फुटलाय का?" आईंनी चष्मा काढून पुसला. "आंबट आहे पाणी."

आईंची खुर्ची दाराजवळ हलवण्यात आली. पाणी निथळायला दीड तास गेला. तेवढ्या वेळात सूचनारावांनी स्वतःची पुस्तिका दोनदा वाचून काढली आणि ती त्यांना दोन्ही वेळा आवडली.

"सूचना चार. 'जर्दाळू भिजत घालावेत.'"

सूचनारावांनी जर्दाळू पाण्यात घातले, पाचपर्यंत मोजले आणि बाहेर काढले.

"भिजले?" बायकोने विचारले.

"ओले तर झालेच. पुढची वाच."

"सूचना पाच. 'दोन संत्र्यांची साल किसून घ्यावी.'"

इथे मात्र सूचनारावांना सूर सापडला. त्यांनी केशरी साल किसली, तिच्याखालचा पांढरा थर किसला, फोडी दिसू लागल्या तरी किसत राहिले. ताटलीत हा ढीग झाला. त्यांनी घाम पुसला. "बोल!"

"सूचना सहा. 'सालीखालचा पांढरा भाग घेऊ नये. कडू लागतो.'"

"हे आत्ता सांगतेस?"

"पुढची सूचना आधी वाचायची नाही, असं कोण म्हणालं होतं?"

खरे म्हणजे ही सूचनारावांची एकोणीस वर्षांची पद्धत होती. आधी माणसाला कामाला लावायचे, मग सावध करायचे. त्याने वाक्याला वजन येते, असे त्यांचे मत होते. आता ताटलीतल्या ढिगाकडे बघताना ते मत थोडे डळमळले, पण वेळ नव्हता.

"सूचना सात," बायको वाचू लागली. "'तयार चीज, जर्दाळू, साल व संत्र्याचा रस भांड्यात घालून भांडे मिक्सरवर बसवावे व बटण सर्वांत वरच्या वेगावर फिरवावे.'" तिची नजर पुढच्या ओळीवर गेली आणि तिचा चेहरा बदलला. "अहो, मी काय म्हणते—"

"सात वाचलीस ना? मग थांब."

"पण आठ—"

"आठ आठच्या वेळी!"

बायको दोन पावले मागे सरली आणि तिने आईंची खुर्चीही मागे ओढली. सूचनारावांनी बटण फिरवले.

आवाज थांबला, तेव्हा छताचा मधला भाग फिकट केशरी झाला होता. दिव्यावरून एक जर्दाळू सावकाश ओघळत होता. सूचनारावांच्या भुवया सापडत नव्हत्या.

"सूचना आठ," बायको शांतपणे म्हणाली. "'मात्र हे करण्यापूर्वी झाकण घट्ट बसवावे.'"

आईंनी शब्दकोड्यावर पडलेला गोळा बोटाने उचलून चाखला. "कडू आहे," त्या म्हणाल्या. "वास मात्र छान येतोय संत्र्याचा."

दुपारभर सूचनाराव स्टुलावर उभे राहून छत खरवडत होते. खाली बायकोने नवे दूध घेतले, लिंबू बेताने पिळले, जर्दाळू कोमट पाण्यात फुगू दिले, संत्र्याची नुसती वरची साल किसली आणि झाकण लावून मिक्सर फिरवला. लोण्यासारखे मऊ, आंबटगोड स्प्रेड तयार झाले. तिने पावाला लावून एक तुकडा स्टुलावर पोचवला.

"हे न्या उद्या बरणीत भरून. तुम्हीच केलं म्हणून सांगा."

"हे तुझ्या डोक्यातलं आहे. पुस्तिकेतलं नाही."

"मग पुस्तिका कुणाच्या डोक्यातली आहे?"

सूचनारावांनी खरवडणे थांबवले. आपण एकोणीस वर्षे लोकांना काय काय करायला लावले असेल, या विचाराने त्यांना कसेसेच झाले. त्या दुःखात त्यांनी चार तुकडे खाल्ले.

सोमवारी अकरा वाजता ऑफिसच्या छोट्या स्वयंपाकघरात सगळे जमले. सूचनाराव एप्रन बांधू लागले, तर मॅडमनी त्यांना थांबवले.

"तुम्ही नाही. लिहिणाऱ्याला सगळं माहीतच असतं," मॅडम म्हणाल्या. ते ऐकून सूचनारावांनी मान खाली घातली. "ज्याला माहीत नाही त्यानं वाचून करायला हवं. मॅनेजर, तुम्ही करा."

मॅनेजरनी पांढरा शर्ट घातला होता. सूचनारावांनी त्या शर्टाकडे एकदा पाहिले, मग छताकडे पाहिले आणि दोन्ही हातांनी पुस्तिका पुढे केली. मॅनेजरनी ती घेतली. दूध उकळल्यावर गरम पातेले ओट्यावर ठेवायला त्यांना काहीतरी हवे होते. त्यांनी ते पुस्तिकेवर ठेवले.

मग त्यांनी मनाने सगळे केले. माणूस कित्येक वर्षे एकटा राहत होता, हात सराईत होता. लिंबाचा रस चमच्याचमच्याने घातला, पुरचुंडीखाली वाडगा ठेवला, वर वजन ठेवून पाणी काढले, साल हलक्या हाताने किसली. बटणाकडे हात जायच्या आधी झाकण आपोआप बसले. सूचनारावांनी तेवढ्यापुरते डोळे मिटून घेतले होते.

"वा! फारच छान झालंय," मॅडमनी बिस्किटावर स्प्रेड लावून खाल्ले. "पुस्तिकेप्रमाणेच केलंत ना?"

"तंतोतंत!" मॅनेजर म्हणाले.

"मग प्रश्नच मिटला. काम यांच्याकडेच राहू दे. इतक्या वर्षांत या पुस्तिकांबद्दल एकही तक्रार नाही म्हणे."

नोकरी वाचली होती. शहाण्या माणसाने इथे आभार मानून, एक बिस्कीट उचलून बाहेर पडावे. पण पुस्तिकेच्या मुखपृष्ठावर पातेल्याचे गोल वर्तुळ उमटलेले सूचनारावांना दिसले. आजवर एकही तक्रार का आली नाही, ते त्यांना लख्ख कळले आणि कुठेतरी खोल झोंबले. शिवाय दहा हजारांत एखादा बिचारा खरोखरच वाचणारा निघाला तर? त्याच्या घरीही छत असणारच.

"साहेब," ते म्हणाले, "सातवी सूचना काय होती?"

"सातवी?" मॅनेजर घुटमळले. "भांडं स्वच्छ धुवावं. ना?"

"नाही." सूचनारावांनी ओली पुस्तिका उचलली आणि सातवी व आठवी सूचना खणखणीत आवाजात वाचून दाखवली.

"म्हणजे हे कुणी अगदी असंच केलं तर?" मॅडमनी विचारले.

"छतावर जातं. काल मी केलंय."

"तुम्ही? स्वतः?"

"मी माझा पहिला वाचक आहे, मॅडम. माझ्या आधी कुणी असेल असं आता वाटत नाही."

मॅडम आधी ओठ दाबून हसल्या, मग डोळ्यांना पाणी येईपर्यंत हसल्या. "एजन्सीवाले काही आपलं छत खराब करून बघणार नाहीत," त्या म्हणाल्या. "तुम्हीच लिहा. पण यापुढे आधी करून, मग. आणि या खोक्यांचं काय ते करा. माल अजून गोदामातच आहे. मोठ्या अक्षरांत एक स्टिकर छापून घ्या. काय लिहायचं, कुठे लावायचं, तुम्ही ठरवा."

सूचनारावांनी तो मजकूर दोन दिवस घासला. 'आवश्यकतेनुसार' काढले, 'योग्य प्रकारे' काढले, 'मात्र' जड मनाने काढले. शेवटी लाल अक्षरांत तीनच शब्द उरले: 'आधी झाकण लावा.' एवढे चांगले आपण आजवर काही लिहिले नाही, असे त्यांना वाटले, आणि ते खरेही होते. दहा हजार खोकी उघडून स्टिकर लावताना गोदामातल्या माणसांच्या नाकी नऊ आले. सूचनारावांनीही बाह्या सरसावून दोनशे लावले.

पुढच्या आठवड्यात शुक्रवारी संध्याकाळी ते एक नवा मिक्सर घेऊन घरी आले. बायकोने खोके उघडून स्टिकर वाचला.

"अगदी छान लिहिलंय हो. वाचलं की कळतं. आई, बघा ना."

"लिहायला लागला म्हणायचा," आई म्हणाल्या. सूचनारावांचा ऊर भरून आला.

बायकोने झाकण हातात घेऊन उलटसुलट फिरवले. "पण अहो, हा झाकणावर चिकटवलाय."

"मग? झाकणाची सूचना झाकणावरच हवी. सगळ्या दहा हजारांवर तशीच लावलीय."

"म्हणजे ज्यानं झाकण लावलंय, त्याला हे समोर दिसणार."

"अर्थात."

"आणि झाकण कपाटात ठेवून जो मिक्सर सुरू करेल, त्यानं काय करायचं?"

सूचनारावांनी झाकणाकडे पाहिले. मग मिक्सरकडे पाहिले.

"तो पुस्तिका वाचेल," ते म्हणाले, पण अगदी बारीक आवाजात.