आदर्श गल्ली, प्रायोगिक तत्त्वावर

आदर्श समाज कसा असावा, याविषयी समाजसुधार खात्यानं सामान्य नागरिकांच्या कल्पना मागवल्या आणि आमच्या गल्लीतल्या शिंप्याची कल्पना पसंत केली. ती साधीच होती : सगळ्यांनी खरं बोलावं. नवा कोट लग्नात मिरवून, मग "बसत नाही हो" म्हणत परत आणणाऱ्या गिऱ्हाइकांना तो विटला होता. सोमवारपासून गल्लीत प्रायोगिक तत्त्वावर खोटं बंद झालं. देखरेखीला एक निरीक्षक आला.

पहिलं गिऱ्हाईक म्हणजे वकीलबाई. "माझा कोट कधी मिळेल?"

शिंप्यानं सवयीनं "उद्या" म्हणायला तोंड उघडलं. निरीक्षक खाकरला.

"कापडाला अजून कात्री लावलेली नाही," शिंपी म्हणाला. "तुमच्या आधी आलेल्यांच्याही नाही."

बाई कापड उचलून गेल्या. बातमी पसरली आणि दुपारपर्यंत दुकान रिकामं झालं. समोरच्या दंतवैद्यानं "अजिबात दुखणार नाही" म्हणणं सोडल्यावर त्याचीही खुर्ची ओस पडली. दोघं पायरीवर बसून एकमेकांना धीर देऊ लागले. पण "होईल सगळं ठीक" हे नियमात बसेना.

घरी सासूबाई मुक्कामाला होत्या. "जावईबापू, आणखी महिनाभर राहिले तर चालेल ना?"

शिंप्यानं बायकोकडे पाहिलं. बायकोनं भिंतीकडे. शेवटी तो म्हणाला, "नाही."

सासूबाईंनी पिशवी भरली. बायको आईला पोचवायला गेली, ती तिकडेच राहिली.

शिंपी निरीक्षकाकडे धावला. "साहेब, धंदा बुडाला, संसार मोडला! बंद करा हे!"

"तुमची तक्रार ऐकण्यात मला काडीचा रस नाही," निरीक्षक शासकीय नम्रतेनं म्हणाला. "पण माझीही बायको माहेरी गेलीय. तेव्हा बघतो."

प्रयोग तातडीनं थांबला. शिंप्यानं थेट सासुरवाडी गाठली. "सासूबाई, तुमच्यावाचून घर खायला उठतं हो!" म्हणाला आणि दोघींना घेऊन आला. वाटभर बायकोनं त्याचा हात सोडला नाही. तिच्यासाठी इतकं मनापासून खोटं तो आजवर कधी बोलला नव्हता.

खात्यानं प्रयोग यशस्वी झाल्याचं जाहीर केलं आणि पुढच्या टप्प्यासाठी तुमची गल्ली निवडली. तुमचं उत्तरही पोचलंय : कल्पना उत्तम, समाजाला तिची नितांत गरज आहे, मात्र सुरुवात शेजारच्या गल्लीपासून व्हावी.