कॉम्प्युटरची निंदणी

आमच्या घरातल्या कॉम्प्युटरमधून पत्त्यांचा खेळ काढून टाकायचा, एवढंच मी ठरवलं होतं. चहा उकळेपर्यंत व्हावं असं काम. (त्यापेक्षा मी दुपारी झोपलो असतो तर बरं झालं असतं, असं मरियाचं मत आहे. मरिया म्हणजे माझी बायको. मी निवृत्त झाल्यापासून तिची बहुतेक मतं मी झोपावं याच दिशेनं जातात.)

कॉम्प्युटर आमच्या सिल्व्हियाचा. एकुलती एक मुलगी, नगरमध्ये कॉम्प्युटरच्या क्लासला शिकवते. ही गोष्ट नव्व्याण्णव सालची. तेव्हा आमच्या गल्लीत ते यंत्र बघायला लोक चपला बाहेर काढून येत. मरियानं त्याला क्रोशाचं झाकण विणलं होतं. विकणाऱ्यानं यंत्रात न मागता चार खेळ घालून दिले होते, साबणाबरोबर चमचा फुकट मिळावा तसे. त्यातला एक खेळ पत्त्यांचा.

आम्ही मिशनच्या शाळेत वाढलेली माणसं. आमच्या घराण्यात पत्ते कधी उंबऱ्याच्या आत आले नाहीत. माझ्या वडिलांनी एकदा रस्त्यात पडलेली इस्पिकची सत्ती पाहून रस्ता बदलला होता. आणि आता कोणी न आणता अख्खा जोड माझ्या बैठकीच्या खोलीत राहायला आला होता! त्यात मरियाला त्याचा नाद लागलेला. मी काही बोललो की ती म्हणे, "पत्ते कुठं? मी नुसतं जुळवते." भाजी करपल्याचा वास आला की समजावं, जुळत आलंय.

इतके दिवस मी डोळेझाक केली. पण त्या शनिवारी संध्याकाळी पाच वाजता रेव्हरंड जॉर्ज पाटोळे आमच्या घरी यायचे होते.

रेव्हरंड म्हणजे कर्जतकडचे पाळक, आणि जस्टिनचे वडील. जस्टिन नागापूरला कारखान्यात आहे. त्याचं आणि सिल्व्हियाचं आपापसात ठरलेलं होतं. पण वडिलांनी तोंडानं 'हो' म्हटल्याशिवाय जस्टिन लग्नाला उभा राहणार नव्हता, आणि दुसऱ्या कोणाशी उभी राहायला सिल्व्हिया तयार नव्हती. म्हणजे सगळं त्या एका 'हो'वर अडलेलं. आणि हे गृहस्थ असे, की जामखेडला एका लग्नात मांडवामागं पोरं पत्ते कुटताना दिसली म्हणून बायबल मिटून निघून गेले होते. पत्ते आचाऱ्याच्या चुलीत गेले तेव्हा परतले. नवरी तोवर उन्हात उभी.

आणखी एक. सिल्व्हियानं रेव्हरंडांची आजवरची प्रवचनं या कॉम्प्युटरवर टाईप केली होती. ती पडद्यावर बघायलाच ते येत होते.

"पप्पा, मी चारला येते. कॉम्प्युटरला हात लावू नका," असं बजावून सिल्व्हिया क्लासला गेली, आणि मला पत्ते आठवले. पडद्यावर प्रवचन उघडलंय आणि मागून बदामचा राजा डोकावतोय, असं दृश्य डोळ्यांपुढं आलं. अंगावर काटा आला. आणि खोटं कशाला बोलू, हुरूपही आला. कारण नको ते काढून टाकणं यात माझा हात धरणारा आमच्या कचेरीत कोणी नव्हता.

मी उभा जन्म रेकॉर्ड रूममध्ये काढला. शेतातलं तण काढतात तशी आम्ही कागदांची निंदणी करायचो. 'अ' वर्ग कायम ठेवायचा, 'ब' आणि 'क' ठरावीक वर्षं, आणि 'ड' वर्ग वर्षभरानं नष्ट. फक्त एक दुःख होतं. चिठोरं फाडायचं म्हटलं तरी वरच्या तिघांच्या सह्या लागत. इथं सही लागणार नव्हती. बटण दाबायचं की झालं!

खेळांची नावं यादीतून पुसली. पण दारावरची पाटी काढली म्हणून भाडेकरू जात नाही, एवढं मला कळतं. सिल्व्हियाला बघून बघून कुठं काय उघडतं ते पाठ झालं होतं. मी थेट आतल्या दप्तरात शिरलो.

बाप रे! आत नुसता फायलींचा ढीग. कोणाच्याही नावाला अर्थ नाही. आणि सगळ्यांत संशयास्पद गोष्ट म्हणजे शेकडो फायलींवर एकच तारीख! कचेरीत एवढ्या फायलींवर एकच तारीख दिसली तर साहेब पहिला प्रश्न विचारतो, 'हे एका बैठकीत कोणी घुसडलं?' मी मनाशी म्हटलं, आळशी कारकून सगळीकडं सारखेच. बोगस दप्तर. वर्ग 'ड'.

बटण दाबलं. पडद्यावर कागद एकामागून एक उडत जाऊन टोपलीत पडायला लागले. काय सांगू तो आनंद! उभ्या नोकरीत असं काम झालं नव्हतं. मी खुर्चीतल्या खुर्चीत पुढं सरकलो.

"मरिया, बघ तरी! कागद उडतायत!"

"उडू द्यात. मी करंज्या तळतेय," ती आतून म्हणाली. "तुम्ही काय करताय?"

"निंदणी!"

"रिटायर झालात ना तुम्ही?"

पुढच्या कप्प्यात तर कमालच होती. एक फाईल उघडली, आत इंग्रजीत एकच वाक्य, लहानमोठ्या अक्षरांत पुन्हा पुन्हा लिहिलेलं. कोणी एक तपकिरी कोल्हा आळशी कुत्र्यावरून उडी मारतो म्हणे. दुसरी उघडली. तोच कोल्हा, तोच कुत्रा. तिसरी उघडली, तेच! एवढ्या दुबार प्रती आमच्या कचेरीतही कोणी काढल्या नव्हत्या. नियमाप्रमाणे एक प्रत स्थळप्रत म्हणून ठेवली, बाकी सगळे कोल्हे टोपलीत. (ते कॉम्प्युटरचे फॉन्ट, म्हणजे निरनिराळ्या वळणांची अक्षरं होती, आणि आमची मराठी अक्षरंही त्यातच होती, हे मला संध्याकाळी समजलं. नुसत्या नमुन्याच्या वाक्यावर फाईलचा निकाल लावू नये, एवढा धडा मी त्यातून घेतला.)

मग एक कप्पा लागला, त्यात बऱ्याच मोठ्या फायली. उघडून पाहिलं तर कोणत्याच भाषेत नसलेला मजकूर: टिंबं, कंस, उलटे स्वल्पविराम, मध्येच डॉलरची खूण. वाळवी लागलेलं दप्तरही याहून बरं वाचता येतं. 'अवाचनीय' असा शेरा मनात मारला आणि बटण दाबलं. शेवटी टोपलीही रिकामी केली. भरलेली टोपली मला कधीच बघवत नाही.

आता एकच फाईल उरली. तिच्यावर पत्त्याचंच चित्र होतं. आलास का मुद्द्यावर, म्हणत मी बटण दाबलं.

कॉम्प्युटर म्हणाला, ही फाईल वापरात आहे, नष्ट करता येणार नाही.

मी चाटच पडलो. वापरातली फाईल निंदणीत घ्यायची नाही, हा आमचा पहिला नियम. यंत्राला नियम माहीत होता! क्षणभर मला त्याच्याविषयी आदर वाटला.

"मरिया, हे पत्ते वापरात कसे?"

मरिया झारा घेऊन बाहेर आली. "अहो, माझा डाव अर्धा राहिलाय. खाली घडी करून ठेवलाय तो. दोनच पानं अडलीत. त्याला हात लावाल तर बघा!"

तिनं खालच्या पट्टीवर बोट ठेवून दाखवलं. मी दाबलं. पडदा भरून हिरवा गालिचा पसरला आणि त्यावर राजे, राण्या, गुलाम, सगळा दरबार. मी तो पुन्हा खाली घालवायला गेलो, तर पडदा गोठला. बाण हलेना. कॉम्प्युटरला जे काही येत होतं ते सगळं मी त्याच्यातून काढलं होतं. आता त्याला एकच गोष्ट येत होती.

"बंद करा तो," मरिया म्हणाली.

"बंद केला तर पुन्हा चालू होईल असं मला वाटत नाही. मग प्रवचनं कुठून दाखवायची?"

"मग चालू ठेवून काय दाखवणार आहात?"

तेवढ्यात दारात रिक्षा थांबली. कर्जतची एस.टी. आयुष्यात पहिल्यांदा वेळेआधी पोचली होती. मी क्रोशाचं झाकण पडद्यावर टाकलं.

"सलाम, सलाम!" रेव्हरंड आत आले. उंच, पांढराशुभ्र झगा असावा तसा सदरा, आवाज असा की कपबशा हलाव्यात. मागं त्यांच्या पत्नी छबूबाई, त्यांच्या मागं पिशवी धरून जस्टिन.

"लई ऊन हाय बाई," छबूबाई टेकल्या. "पोरगी कुठं हाय?"

"येईलच. घ्या, करंज्या घ्या," मरिया म्हणाली.

रेव्हरंडांनी करंजीकडं पाहिलंही नाही. "आधी प्रवचनं बघू. यातच आहेत ना?"

"आहेत, म्हणजे... यंत्र जरा तापलंय," मी म्हटलं. "विसावलेलं बरं."

मी मनातल्या मनात वीज जावी म्हणून प्रार्थना केली. एरवी आमची वीज लग्नघरातल्या पोरांसारखी सतत आत-बाहेर करते. त्या दिवशी दिवा लुकलुकलासुद्धा नाही.

"झाकणातून उजेड येतोय," रेव्हरंड म्हणाले, आणि त्यांनी स्वतःच्या हातानं झाकण उचललं.

बदामचा राजा त्यांच्या तोंडाशी तोंड लावून उभा होता. शेजारी चौकटची राणी. जस्टिननं पिशवी खाली ठेवली, आणि नेमकी तेव्हाच सिल्व्हिया दारात आली. तिनं पडद्याकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं, आणि तिला सगळं कळलं. (तिची आई माझ्याकडं असंच बघते.)

"हे काय आहे?" रेव्हरंडांनी विचारलं.

मी म्हणालो, "हे... यंत्रासोबत येतं. आम्ही मागवलं नव्हतं. विकणाऱ्यानं—"

"पत्ते आहेत," मरिया मध्येच म्हणाली. "मी खेळते. एकटीच, कोणाकडून काही न घेता. तुम्हाला चालत नसेल तर तसं सांगा, पण माझ्या पोरीनं यांना कधी हात लावला नाही."

मी डोळे मिटले. गेलं लग्न.

"आणि माझी प्रवचनं?"

हा प्रश्न मला होता. तो ऐकला आणि त्या मोठ्या, वाचता न आलेल्या फायली कशाच्या होत्या ते मला उमगलं. मग मीच सगळं सांगितलं. तारखा, कोल्हा, कुत्रा, टोपली. "त्या फायली वाचता येत नव्हत्या, साहेब. म्हणून मी नियमाप्रमाणे अवाचनीय ठरवून नष्ट केल्या."

छबूबाईंच्या तोंडातून करंजीचा तुकडा उडाला. "अवो, ऐकलं का! आमच्या कर्जतला लोकं प्रवचनात नुसती झोपत्यात. ह्या पाव्हण्यांनी कारन तरी लिव्हलं!"

त्या अशा हसल्या की पदर तोंडात कोंबावा लागला. जस्टिन भिंतीकडं तोंड करून हलत होता. रेव्हरंड मात्र गंभीरच.

"प्रवचनं फ्लॉपीवर आहेत, बाबा," सिल्व्हिया हळूच रेव्हरंडांना म्हणाली. "दोन प्रती."

(दुबार प्रतींविषयी मी त्या वेळी काही बोललो नाही.)

"थांबा," रेव्हरंडांनी हात वर केला. "मला नीट समजू द्या. मला पत्ते दिसू नयेत म्हणून तुम्ही घरातलं चांगलं ते सगळं नष्ट केलंत. माझा शब्दसुद्धा. आणि शेवटी उरले ते फक्त पत्ते."

"होय, साहेब."

त्यांचे डोळे चमकायला लागले. "अहो, हे तर प्रवचन आहे! पाप झाकायला निघालेला माणूस! चाळीस वर्षं मी असा दाखला शोधतोय. छबू, माझं पेन दे!"

"पेन मागनं घ्या," छबूबाई म्हणाल्या. "आधी पोरीचं बोला. बिचारी उंबऱ्यातच हुबी हाय."

रेव्हरंडांनी सिल्व्हियाकडं पाहिलं, मग मरियाकडं. "ज्या घरात आई इतकं सरळ बोलते, तिथली मुलगी मला पसंत आहे. माझं 'हो' आहे."

जस्टिन खुर्चीवर बसायला गेला आणि करंज्यांच्या ताटात बसला. मरियानं डोळ्यांना पदर लावला. मला इतकं हायसं वाटलं की मी त्या भरात पुढं होऊन कॉम्प्युटरचं बटण बंद केलं.

"माझा डाव!" मरिया ओरडली.

यंत्र पुन्हा उभं करायला क्लासमधला माणूस आला. त्यानं सगळं नव्यानं भरलं, न मागितलेले चारही खेळ धरून. ते काढायचे का, असं त्यानं विचारलं तेव्हा घरातल्या दोघी एकदम माझ्याकडं वळल्या आणि मी फिरायला निघून गेलो.

लग्न नाताळाच्या आधी झालं. उपदेशात रेव्हरंडांनी तो दाखला दिला. नाव घेतलं नाही. नुसतं 'एक निवृत्त कारकून' म्हणाले. अख्खी मंडळी माना वळवून माझ्याकडं बघत होती. शेवटी रजिस्टरवर सह्या झाल्या. मुलाच्या बाजूनं सही करणाऱ्या काकांना रेव्हरंडांनी पेन दिलं आणि ते बाजूला झाले. माझी पाळी आली तेव्हा रेव्हरंड पुन्हा जवळ आले, आणि माझी सही पुरी होईपर्यंत ते रजिस्टर त्यांनी दोन्ही हातांनी घट्ट धरून ठेवलं.