हर्बर्ट शेवटची पायरी उतरत नाहीत

मेव्हिस टॉलर यांचं लग्न पावलांच्या आवाजाशी झालं होतं, आणि एकोणीस वर्षांत त्या दोघांचं एकदाही भांडण झालं नाही.

आवाजाचं नाव हर्बर्ट. ते लीड्सच्या एका रेडिओ केंद्रात, ध्वनिपरिणामांच्या खोलीत, एका लाकडी जिन्यावर राहत. त्या खोलीची देखभाल माझ्याकडे होती. मी शालन आगटे, मूळची मिरजेची. नवऱ्यामागे विलायतेत आले आणि घरी बसून बसून भिंती पाठ झाल्या, म्हणून नोकरी धरली. जिन्याला पायऱ्या तीनच होत्या आणि वर काहीच नव्हतं, पण हर्बर्ट त्यावरून डझनभर तरी पायऱ्या उतरत. मी रोज जिना पुसायची. माझं पुसून होईपर्यंत ते वर थांबत. मोठे समंजस गृहस्थ.

दर गुरुवारी मेव्हिसबाईंचा विनोदी कार्यक्रम लागायचा. शेजारीण, दूधवाला, पाद्री, सगळे त्या एकट्याच व्हायच्या. शेवटी मात्र स्वतःच्या आवाजात जिन्याखालून हाक मारायच्या, "हर्बर्ट, चहा निवतोय!" पावलं खाली येऊ लागायची. शेवटची एक पायरी उरली की थांबायची. "चष्मा वर राहिला वाटतं," असं मेव्हिसबाई म्हणायच्या, आणि पावलं परत फिरायची. सगळा देश पोट धरून हसायचा. घरोघरी मातीच्या चुली, दुसरं काय!

विभागप्रमुख प्रिचर्डसाहेबांनी मला पहिल्याच दिवशी नियम सांगितला होता. "जिन्यावर आहेत तोवर ते ध्वनिपरिणाम आहेत, मिसेस आगटे. जमिनीला पाय लागला की ते नट झाले. मग नटांच्या संघटनेचं सदस्यत्व घ्यावं लागेल, आणि चेहरा पाहिल्याशिवाय संघटना कुणाला घेत नाही."

"आणि खालचं कुणी वर गेलं तर?"

"वर काय आहे जायला?" साहेब म्हणाले. "त्याचा नियम नाही."

पुढे टेलिव्हिजनवाल्यांनी मेव्हिसबाईंना बोलावलं. हर्बर्टना बघायला त्यांचा एक माणूस आला. दिवे लावून त्यानं जिना चारी बाजूंनी पाहिला, आवाज उत्तम आहे पण दिसत नाही, असा अभिप्राय दिला आणि गेला. रेडिओवरचा कार्यक्रम बंद झाला. टेलिव्हिजनवाल्यांनी मेव्हिसबाईंना बैठं घर बांधून दिलं. भिंती तीन, छत नाही, जिन्याचा प्रश्नच नाही. मिशीवाला एक नवराही दिला. हाक मारली की तो "आलो!" म्हणून लगेच यायचा आणि चहा पिऊन टाकायचा.

कार्यक्रम तुफान चालला. बाजारात बायका मेव्हिसबाईंचा हात धरून सोडायच्या नाहीत. पण दर भागात एकदा तरी त्या, जिथं छत नव्हतं तिथं, वर बघत राहायच्या. लोकांना तोही विनोद वाटायचा.

दुपारची सुट्टी मिळाली की त्या थर्मास घेऊन माझ्या खोलीत यायच्या आणि खालच्या पायरीवर बसायच्या.

"आहेत का?"

"आहेत. सकाळी जरा फिरले."

"मला त्यांचा चेहरा नको हो, मिसेस आगटे," त्या एकदा म्हणाल्या. "त्या मिशीवाल्याला आहे की चेहरा! यांनी एकदा खाली यावं, माझ्या शेजारी उभं राहावं, एवढंच वाटतं. फार वाटतं."

मी त्यांना आमच्याकडची रीत सांगितली. आमच्यात बायको नवऱ्याचं नाव घेत नाही, 'अहो' म्हणते. त्यांनी चारदा घोकलं आणि वर तोंड करून हळूच म्हटलं, "अहो..."

पावलं खाली आली. नेहमीच्या पायरीवर थांबली, नेहमीपेक्षा पुष्कळ वेळ थांबली. मग परत गेली.

"खरंच चष्मा लागत असेल," मेव्हिसबाई म्हणाल्या आणि थर्मासचं झाकण लावू लागल्या. ते काही त्यांच्याकडून लागेना. शेवटी मी लावलं.

त्या वर्षी केंद्रात सगळे आवाज फितीवर आले. खोली रिकामी करून जिना सरपणात काढायचा, असं ठरलं. त्याआधी निरोपाचा एक भाग व्हावा म्हणून मेव्हिसबाईंना बोलावलं. प्रिचर्डसाहेबांनी त्यांना बजावलं, "त्यांना खाली येऊ देऊ नका. आता शेवटी शेवटी भानगड नको."

"नाही येऊ देणार," मेव्हिसबाई म्हणाल्या.

प्रेक्षक भरले होते. शेजारीण झाली, दूधवाला झाला, पाद्री झाला. मेव्हिसबाई कपबशी घेऊन जिन्याखाली आल्या आणि म्हणाल्या, "अहो, चहा निवतोय." लिहिलेलं वाक्य तसं नव्हतं. प्रेक्षकांना तो शब्द कळला नाही, तरी हसू थांबलं. पावलं उतरू लागली. शेवटची पायरी उरली. प्रिचर्डसाहेब नियंत्रणकक्षाच्या काचेमागे उभे राहिले.

"तुम्ही नका येऊ," मेव्हिसबाई म्हणाल्या. "मीच येते."

त्यांनी पायरीवर पाय ठेवला. बशीवर कप किणकिणत होता. दुसरी पायरी, तिसरी, मग ज्या नव्हत्या त्या. वर कुठंतरी दार लागलं. जिन्याखाली कुणीच नव्हतं.

साहेबांनी रात्रभर नियम चाळले. वर जाण्याबद्दल खरंच काही नव्हतं. उलट, वर माणूस असताना जिना मोडू नये, असं आगीपासून बचावाच्या नियमांत निघालं. त्यामुळे खोली राहिली, माझी नोकरीही राहिली. मेव्हिसबाईंची नोंद आता ध्वनिपरिणामांत आहे. मिशीवाल्याला दुसरी बायको मिळाली.

मी अजून रोज जिना पुसते. चारच्या सुमारास चहा करून हाक मारते. पावलांच्या दोन जोड्या उतरतात आणि शेवटच्या पायरीआधी थांबतात. मग एक जोडी चष्म्यासाठी परत जाते, आणि दुसरी तिथंच उभी राहून तिची वाट बघते.