दावा मागे घेतल्याबद्दल जाहीर सत्कार

हिवरटेक नगर परिषदेने घंटागाडीचा चालक सहदेव याला नोकरीतून काढून टाकले, कारण अचानक झालेल्या तपासणीत तो कार्यालयात आढळला नाही. त्या वेळी तो घंटागाडी घेऊन गावभर कचरा गोळा करत होता, हे कुणी नाकारले नाही. पण तपासणी कार्यालयात होती. आदेशात स्वच्छ लिहिले होते : 'सदर कर्मचारी कामावर असल्याने गैरहजर.'

सहदेवने अकोल्याला जाऊन कोर्टात दावा लावला. वकील रश्मीताई म्हणाल्या, "केस मजबूत आहे. फक्त कुणाच्या गोड बोलण्यात येऊ नका."

दावा लागला आणि गावाला सहदेवची काळजी वाटू लागली. इतकी वर्षे तो ज्यांच्या दारातला कचरा उचलत होता, त्यांनी त्याला कधी नावाने हाक मारली नव्हती. आता चहाच्या टपरीवर, लग्नात, अगदी मयतीतही लोक खांद्यावर हात ठेवून सांगू लागले, "सहदेवा, सरकारशी काहून भांडून राहिला बाप्पा? घे मागे. गोपालभाऊ तुले वाऱ्यावर सोडतीन काय?"

गोपालभाऊ म्हणजे नगराध्यक्ष. ते स्वतः सहदेवच्या घरी आले, खाटेवर मांडी घालून बसले.

"तू आपला माणूस लेका. पण केस चालू असतानी तुले घेतलं तं लोक म्हणतीन, कोर्टाच्या भेवानं घेतलं. तू मागे घे, मंग आमी राजीखुशीनं घेतो."

"तेवढं लिहून द्या भाऊ," सहदेवची बायको जमुना म्हणाली.

भाऊंनी चहाचा कप खाली ठेवला. "वहिनी, आता आपल्यात कागद आले काय?"

सहदेव शरमेने अर्धा झाला. नगराध्यक्ष आपल्या खाटेवर बसलेला, आणि ही बाई त्याला कागद मागून राहिली.

रश्मीताई फोनवर कळवळल्या. "मागे घ्यायचाच असेल तर 'पुन्हा दावा करण्याची मुभा ठेवून' एवढे शब्द तरी घालू द्या." सहदेवने भीतभीत भाऊंना विचारले. भाऊंच्या मनाला लागले. "मंग सरळ असंच लिहा, का गोपालवर आमचा भरवसा नाही." सहदेवने मुभा काढून टाकली.

दावा मागे घेतला आणि बाजार चौकात मंडप पडला. फ्लेक्सवर 'बडतर्फ चालक' शोभेना, म्हणून 'निःस्वार्थ समाजसेवक मा. श्री. सहदेवभाऊ' असे छापले. खुर्च्या लावायला माणूस नव्हता, त्या सत्कारमूर्तींनीच लावल्या. फेटा झाला, शाल झाली, नारळ झाला. भाऊ माइकवर म्हणाले, "सोमवारपासून आपला सहदेव घंटागाडीवर दिसन." टाळ्या पडल्या. मग गाव रोडगे आणि वांग्याच्या भाजीवर तुटून पडले.

सोमवारी सहदेव गाडीची किल्ली मागायला गेला. नगर परिषदेचे हेडक्लार्क बडे बाबू म्हणाले, "तुले घ्याचं कशाच्या आधारावर? कोर्टाचा आदेश आण."

"पण केस तं मागे घेतली ना साहेब."

"मंग दुसरी टाक. तुले कोणी अडवलं?"

सहदेवने दुसरी टाकली. नगर परिषदेचे उत्तर आले. एक, अर्जदाराने पहिला दावा स्वखुशीने, पुन्हा करण्याची मुभा न ठेवता मागे घेतला. तेव्हाचा फेट्यातला हसरा फोटो सोबत जोडला आहे. दुसरे, फ्लेक्सवरून दिसते की अर्जदार कर्मचारी नसून समाजसेवक आहे. निःस्वार्थ माणसाला बडतर्फ करता येत नाही, सबब त्याला बडतर्फ केलेलेच नाही. आणि तिसरे, समाजसेवकाने इतकी वर्षे पगार कसा उचलला, याची चौकशी व्हावी.

न्यायाधीशांनी कागद खाली ठेवले. "परत घेऊ म्हणाले होते, याला पुरावा?"

"साहेब, साऱ्या गावासमोर म्हणाले."

"मग गावातल्या एकाचं तरी प्रतिज्ञापत्र आणा."

एकाचं तरी! सहदेव हलक्या पायांनी एस.टी.त बसला. ऐकणारे सारे गाव होते.

किराणावाला म्हणाला, "ऐकलं न गड्या, या कानानं ऐकलं. पण माह्या दुकानाचं लायसन त्यायच्याच हातात आहे." शाळेचे सर म्हणाले, आम्ही तत्त्वतः तुमच्याबरोबर आहोत, सही तेवढी सोडून बोला. शेजारच्या केशरबाईंना भाजीतले मीठ आठवत होते, भाषण आठवत नव्हते. ज्याने पहिल्यांदा 'घे मागे' म्हटले होते, त्याने विचारले, "तू मागे घेतली काहून पण?" आणि प्रत्येक जण त्याला फाटकापर्यंत सोडायला येऊन म्हणाला, "घंटागाडी येऊन नाही राहिली, कचरा सडून राहिला. तू टाक ना एक केस. तुले तं आता कोर्टाची सवय आहे."

"थे शाल पांघरून जात जा," जमुना म्हणाली. "ओळखतीन तरी."

पुढच्या तारखेच्या आत एक सही मिळाली तर सहदेवची नोकरी वाचेल, नाही तर गेली. बाजार चौक, जिनिंगची गल्ली, स्टँडमागची वस्ती फिरून झाली. आता तुमची गल्ली राहिली. उद्या सकाळी तो तुमच्या दारात येईल. साहेब आंघोळीला बसले आहेत, हे सांगायला घरातून कुणाला पुढे करायचे, ते आजच ठरवून ठेवा.