दीड फुटावरची खिडकी

चुरीसाहेब कुठल्याही खोलीत शिरले की आधी फतकल मारून जमिनीवर बसतात. समोर खुर्ची रिकामी असली तरी. गुजरातच्या सीमेवर, अच्छाडच्या ढाब्यावर त्यांनी बाकडं सोडून अशी बैठक मारली, तर ढाबेवाल्याला वाटलं गृहस्थाला चक्कर आली. "शुं थयुं, काका?" म्हणत त्याने तोंडावर पाणीच मारलं.

"अरे बाबा, खिडकी बघतोय!" चुरीसाहेब ओरडले.

हे आमच्या डहाणू-तलासरीतले शाळांचे आर्किटेक्ट. उभा जन्म शाळाच बांधतायत. बंगल्याचं काम आलं की तोंड वाकडं करतात. "बंगलेवाल्याला काय हवं ते सांगता येतं, बाई. त्याला माझी गरज काय?"

कैनाडच्या आमच्या शाळेची नवी इमारत त्यांच्याकडे गेली तेव्हा मी तिथे मुख्याध्यापिका होते. नकाशा बघून माझं डोकंच फिरलं. पहिलीच्या वर्गाची खिडकी जमिनीपासून दीड फुटावर!

"अहो, मुलं बाहेर बघत बसतील. मी शिकवू कुणाला, भिंतींना?"

मंजुरी द्यायला आलेले इंजिनियरसाहेब माझ्याच बाजूचे. "खिडकी चार फुटांवर घ्या. नाहीतर सही विसरा."

चुरीसाहेब वाद घालत नाहीत. त्यांनी आम्हाला जुन्या वर्गात नेलं. तिथे खिडकी चार फुटांवर, आणि मुलं सतरंजीवर बसायची. "बसा," ते म्हणाले. मी गुडघ्यांना शिव्या देत बसले. इंजिनियरसाहेब कडक इस्त्रीच्या पँटसकट बसले.

"काय दिसतं?"

"भिंत."

"मान वर करा. आता?"

"पत्र्याची कड."

"छान. आता शाळा सुटेपर्यंत असंच बसायचं."

वारा आमच्या डोक्यावरून चालला होता. दहा मिनिटांत इंजिनियरसाहेबांचा शर्ट पाठीला चिकटला. "द्या हो तो कागद इकडे!" म्हणत त्यांनी जमिनीवर बसूनच सही ठोकली. मी हरले, आणि खरं सांगते, हरून बरं वाटलं.

दिवाळीनंतर उद्घाटन झालं. पाहुणे आले, हार आले, माइकवर चुरीसाहेबांच्या नावाचा पुकारा सुरू झाला आणि सत्कारमूर्तीचा पत्ताच नाही! मी तणतणत शोधायला निघाले. स्वारी पहिलीच्या नव्या वर्गात, कोपऱ्यात, फतकल मारून. खिडकीतून समोरच्या माळावर गवत कापणाऱ्या बाया दिसत होत्या.

"अहो, सत्कार खोळंबलाय तुमचा!"

त्यांनी मान वळवली नाही. "माझी आई अशीच गवत कापायची, बाई. तलासरीला, आमच्या शाळेमागेच. वर्गात तिचा खोकला ऐकू यायचा. पण खिडकी उंच. बघायला उभा राहिलो की मास्तरांची छडी." मग हळूच म्हणाले, "इथून दिसली असती."

एवढ्यात माळावरच्या एका बाईने कंबर सरळ केली. तिची मुलगी आमच्याकडे पहिलीत. त्या बाईने खिडकीकडे बघून हात हलवला.

चुरीसाहेबांनी दोन्ही हात वर करून हलवले. मीही खाली बसले आणि हलवले.