अडथळामुक्त खेळाची पूर्वतयारी

आनंद उपभोगण्यापूर्वी त्याची यथायोग्य पूर्वतयारी करणे हे सुजाण माणसाचे लक्षण होय. आमचे दातांचे डॉक्टर या निकषावर इतके सुजाण होते की आनंदापर्यंत ते सहसा पोचतच नसत.

लहानपणी ताईबरोबर खेळलेली मोटारींची शर्यत त्यांनी एम्युलेटरवर, म्हणजे संगणकाला जुन्या कन्सोलचे सोंग घ्यायला लावणाऱ्या प्रोग्रॅमवर, चालू केली. पहिल्याच वळणावर धुरळा उडाला आणि गाडी क्षणभर थिजली. धूर, पाणी, ठिणगी असे काहीही प्रथमच दिसले की संगणक आधी त्याचा शेडर, म्हणजे ते चित्र रंगवण्याची कृती, जुळवत बसतो. जुळलेला शेडर कॅश नावाच्या कोठारात जमा होतो, आणि पुढच्या खेपेला गाडी अडत नाही. (डॉक्टरांच्या खुर्चीत रुग्णही असेच थिजत, त्याबद्दल त्यांची तक्रार नव्हती.)

ताई देश सोडून कायमची चालली होती. निघण्याआधीची एक दुपार तिने भावाबरोबरच्या शर्यतीसाठी राखून ठेवली होती. डॉक्टरांना भरून आले आणि त्यांनी कोठार भरायला घेतले. ते खेळत नसत. प्रत्येक डबक्यात गाडी घालत, प्रत्येक कठड्यावर आपटत, उलट्या दिशेने फिरत. शेवटच्या क्रमांकात त्यांनी शंभर टक्के सातत्य राखले. मजा येते का, असे बायकोने विचारले, तेव्हा मजा नंतर आहे, असा खुलासा करण्यात आला.

ताई यायच्या दिवशी सकाळी कोठार तुडुंब होते. तरी शेवटचा हात फिरवावा म्हणून डॉक्टरांनी पडद्यावरची चित्रे हाकणारा प्रोग्रॅम, ग्राफिक्सचा ड्रायव्हर, अपडेट केला. नवा ड्रायव्हर जुन्या शेडरना ओळखच देत नाही. सगळे पुन्हा जुळवणे आले.

दुपारी ताई कंट्रोलर हातात घेऊन बसली. पडद्यावर जुळवणीची पट्टी मुंगीच्या पावलांनी सरकत होती. डॉक्टरांनी तिला पट्टीचे महत्त्व सविस्तर समजावून दिले.

"अरे, अडली तर अडू दे की. लाव तू," ताई म्हणाली.

"पाचच मिनिटं, ताई. मग बघ कशी लोण्यासारखी चालते."

ही दवाखान्यातली पाच मिनिटे होती. खाली टॅक्सी आली. ताईने कंट्रोलर सोफ्यावर ठेवला, भावाच्या डोक्यावरून हात फिरवला आणि ती गेली.

थोड्या वेळाने पट्टी पूर्ण झाली. गाडी एकदाही अडली नाही. डॉक्टर पहिले आले (दुसरे कोणी नव्हते) आणि त्यांना रडू फुटले.

आपण हसलात, ते योग्यच झाले. खेळण्यांत रमणाऱ्या डॉक्टरशी आपला काय संबंध. फक्त कपाटातल्या वरच्या फळीवर त्या ठेवणीतल्या कपबश्या आहेत (आमच्याकडेही आहेत), त्या कोणासाठी ठेवल्या आहेत ते एकदा आठवून पाहा. आणि ते माणूस अजून आहे ना, याचीही खात्री करून घ्या.