सूचना नीट वाचाव्यात

सूचना वाचून तंतोतंत पाळणे हा माझा धर्म आहे. कर्जतला मी पाणी तपासण्याची प्रयोगशाळा चालवते. आजवर एकही परीक्षानळी फुटलेली नाही.

ग्रामसभा दुसऱ्या दिवशी होती. वाडीच्या विहिरीचे वर्षभराचे अहवाल मी तिथे भिंतीवर मोठे करून दाखवणार होते. ते पाहूनच नळाचा ठराव होणार होता. वाडीच्या सोनुबाई त्यासाठी कधीपासून नमुन्याचं पाणी घेऊन माझ्याकडे खेपा घालत होत्या.

अडचण एकच. माझ्या जुन्या संगणकाच्या कोपऱ्यात ‘ही प्रत अधिकृत नाही’ अशी ओळ दिसे. गावासमोर ती भिंतीवर हातभर उमटली असती!

“फुकटात काम होतंय, वहिनी. निम्मं कर्जत हेच वापरतं,” माझा दीर रोहिदास म्हणाला आणि ती ओळ घालवणारा प्रोग्रॅम असलेला पेनड्राइव्ह ठेवून गेला.

त्यातली पहिली सूचना: अँटिव्हायरस बंद करा, तो उगाच ओरडतो. म्हणजे घरात शिरणाऱ्यानेच सांगायचं, आधी कुत्रा बांधा! पण सूचना ती सूचना. बांधला. दुसरी: काम संपेपर्यंत संगणक बंद पडू देऊ नका.

मी प्रोग्रॅम चालू केला. पडद्यावरची ‘काम किती झालं’ दाखवणारी पट्टी जेमतेम सरकली आणि लाइट गेली. शेजारी भिवपुरीत वीज तयार होते आणि आमच्याकडे ही तऱ्हा! यूपीएस केकाटू लागला. मी पाण्याच्या नमुन्यांच्या फ्रीजची पिन इन्व्हर्टरवरून उपसली आणि तिथे संगणक जोडला.

पट्टी पूर्ण भरली. कोपऱ्यातली ओळ गेली. अहवालही गेले. प्रत्येक फाइलला कुलूप, आणि पडद्यावर खंडणीची लालभडक मागणी. ज्यांची फेरतपासणी करता आली असती, ते नमुने फ्रीजमध्ये कोमट होऊन बसले होते.

रोहिदासला फोनवर मी जे ऐकवलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्याचं उत्तर, “आमच्याकडं तर काय नाय झालं.”

सकाळी दुरुस्तीवाला दत्ता आला, मागोमाग सोनुबाई. ठराव पुढच्या सभेवर गेल्याचं मी त्यांना सांगितलं. त्या पायरीवर बसल्या.

“मंग बाय, परत पाणी आणू का?”

मी होकारार्थी मान डोलावली.

दत्ता म्हणाला, हा व्हायरस एकेक फाइल घेतो, त्याला वेळ लागतो. मध्येच वीज गेली असती तर निम्म्या तरी वाचल्या असत्या.

“पण ताई, काल तुमच्याकडं लाइट नाय गेली? आमच्याकडं तर तासभर नव्हती.”

मी फ्रीजची पिन पुन्हा इन्व्हर्टरला लावायला आत गेले.